दोन पाकिटं, एक इमॅटिनिब : एक प्रकरण अभ्यास

मी कर्करोग रुग्णालयाच्या औषध विभागात काम करते. डॉक्टरांनी चिठ्ठी लिहिली की रुग्ण आमच्या खिडकीशी येतो. ज्यांच्या गोळ्या वर्षानुवर्षं चालणार असतात, त्यांना बाजूच्या टेबलाशी बसवून सगळं नीट समजावून सांगायचं, असं आमच्याकडे ठरलेलं आहे. गर्दीच्या दिवशी ते होतंच असं नाही. हे प्रकरण तिथूनच सुरू होतं, म्हणून आधीच सांगितलं. रुग्णाची ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

काका सोलापूर जिल्ह्यातल्या एका गावचे. वय ५८, थोडं डाळिंब, दोन म्हशी. दोन वर्षांपूर्वी पोटाच्या डाव्या बाजूला जड वाटतं म्हणून तपासलं, तर प्लीहा वाढलेली आणि पांढऱ्या पेशी लाखांच्या घरात. निदान झालं क्रॉनिक मायलॉइड ल्युकेमिया, म्हणजे सीएमएल, रक्ताचा एक कॅन्सर. रोज एक गोळी सुरू झाली, इमॅटिनिब ४०० मिलिग्रॅम. पुढे तब्येत इतकी सुधारली की दर तीन महिन्यांनी तपासणीला यायचं, गोळ्या घ्यायच्या आणि संध्याकाळची एस.टी. पकडून परत जायचं, एवढाच आमचा संबंध उरला होता.

या खेपेला ते सुनेचा हात धरून आले. डोळ्यांखाली पाण्याच्या पिशव्या लोंबाव्यात तशी सूज, पाय सुजलेले, तीन महिन्यांत वजन पाच किलोनं वाढलेलं. रात्री पिंडऱ्यांत गोळे येतात, सकाळी उलटी होते, अशी तक्रार. रक्ताचा रिपोर्ट आणखी काळजीचा होता : हिमोग्लोबिन ८.९, न्यूट्रोफिल (जंतूंशी लढणाऱ्या पांढऱ्या पेशी) ९००, प्लेटलेट ४४,०००, सगळंच खाली.

सीएमएलच्या रुग्णाच्या पेशी अशा खाली आल्या की डॉक्टरांच्या मनात पहिली शंका येते ती आजार पुढच्या टप्प्यात गेल्याची. काचपट्टीवर कोवळ्या, बिघडलेल्या पेशी दिसत नव्हत्या, एवढाच दिलासा होता. तरीही अस्थिमज्जेची तपासणी करायची, असं ठरत आलं होतं. मधल्या काळात गावाकडे कुणीतरी सूज बघून मूत्रपिंडाचा त्रास असेल म्हणून लघवी जास्त होण्याची गोळीही दिली होती. डॉक्टरांनी काकांना माझ्याकडे पाठवलं आणि म्हणाले, "घरात काय काय गोळ्या आहेत त्या सगळ्या बघ, एकही सोडू नकोस."

सूनबाईंनी प्लास्टिकची पिशवी टेबलावर उपडी केली. तापाच्या गोळ्या, पित्ताच्या गोळ्या, लघवीची गोळी, आमच्याकडचं नेहमीचं पाकीट. आणि एक कापलेला तुकडा. दहा गोळ्यांच्या पट्टीतून कात्रीनं पाच कापून दिलेल्या, त्यातल्या दोन शिल्लक. कात्री नेमकी नावावरून गेली होती. तुकड्यावर ब्रँडची शेवटची चार अक्षरं होती, '४००' हा आकडा होता आणि कडेला अर्धवट '…निब'.

मी विचारलं, "काका, ही कसली गोळी?"

"ती तालुक्याच्या डाक्टरनं दिलेली. संध्याकाळी घेतो."

"आणि ही आमची?"

"ती सकाळी. ती मोठ्या दवाखान्याची, ही तालुक्याची. दोन डाक्टरांनी दिल्यात म्हटल्यावर दोन्ही घ्यायला पाहिजेत की, ताई."

सकाळी ४००, संध्याकाळी ४००. सात आठवडे.

मग सूनबाईंकडून सगळं कळलं. मे महिन्यात काकांना ताप आला. तालुक्याच्या डॉक्टरांनी आमची फाईल नीट वाचली. तापाची औषधं लिहिली आणि आधीपासून चालू असलेलं औषध सुटू नये म्हणून तेही चिठ्ठीत लिहिलं. लिहिलं तेही नियमाप्रमाणे : मूळ नावानं, इंग्रजी मोठ्या अक्षरांत, इमॅटिनिब ४००, सकाळी एक. डॉक्टरांनी औषधं मूळ नावानं, वाचता येतील अशा आणि शक्यतो मोठ्या अक्षरांत लिहावीत, असा नियम भारतीय वैद्यक परिषदेनं २०१६ साली केला होता. मेडिकलवाल्यानं त्या नावाची त्याच्याकडे असलेली गोळी दिली, दुसऱ्या कंपनीची. महाग म्हणून काकांनी पाच-पाच करून नेली. चिठ्ठीवर 'सकाळी' होतं, पण सकाळी आधीच एक कॅन्सरची गोळी पोटात जात होती, म्हणून त्यांनी आपल्या बुद्धीनं ही संध्याकाळी ढकलली.

या साखळीतला प्रत्येक जण आपापल्या जागी बरोबर होता. आमच्या फाईलवर दोन वर्षांपूर्वी कुणीतरी ब्रँडचं नाव लिहिलं होतं आणि तेच पुढे उतरत आलं होतं. तालुक्याच्या चिठ्ठीवर मूळ नाव होतं. या दोन नावांचं औषध एकच आहे हे डॉक्टरांना माहीत होतं, मेडिकलवाल्याला माहीत होतं, मला माहीत होतं. माहीत नव्हतं ते फक्त गोळी गिळणाऱ्याला, आणि ते त्याला सांगायचं काम आमचं होतं.

गोळी त्याच दिवशी थांबवली. न्यूट्रोफिल हजाराखाली किंवा प्लेटलेट पन्नास हजारांखाली गेल्या तर इमॅटिनिब थांबवायचं, न्यूट्रोफिल दीड हजार आणि प्लेटलेट पंचाहत्तर हजारांवर आल्या की पुन्हा ४०० वर सुरू करायचं, असा या टप्प्यातल्या आजारासाठीचा शिरस्ता आहे. अस्थिमज्जेची तपासणी पुढे ढकलली. लघवीची गोळी बंद केली. आणि मी काकांना पुढच्या आठवड्यात, दुपारी गर्दी ओसरल्यावर यायला सांगितलं, कारण त्या दिवशी त्यांना समजावून सांगण्यात अर्थ नव्हता. ते घाबरले होते. आपण काहीतरी गुन्हा केला, असा चेहरा झाला होता.

जाताना सूनबाई मागे थांबल्या. हळूच म्हणाल्या, "ताई, त्यांना कॅन्सर आहे हे आम्ही सांगितलेलं नाही. रक्ताची गोळी आहे, एवढंच म्हणतो."

हे मी अनेक घरांत बघितलं आहे आणि त्यामागची माया मला कळते. पण आजाराचं नाव घरात घ्यायचं नाही म्हटलं की औषधाचं नावही कुणी मोठ्यानं वाचत नाही. पाकीट कपाटात मागे जातं, फाईल गादीखाली जाते. गोळीची ओळख उरते ती रंगानं, नाहीतर 'मोठ्या दवाखान्याची' अशी. मग दुसऱ्या रंगाची तीच गोळी घरात आली की ती नवी गोळी ठरते.

पुढच्या आठवड्यात काका आले तेव्हा प्लेटलेट ८१,००० होत्या, न्यूट्रोफिल सतराशे, डोळ्यांची सूज निम्मी. गोळी पुन्हा सुरू करायची होती. आम्ही टेबलाशी बसलो आणि मी आधी न कापलेलं पाकीट उलटं केलं.

भारतात पाकिटावर औषधाचं मूळ नाव ब्रँडच्या नावापेक्षा निदान दोन आकार मोठ्या अक्षरांत छापावं लागतं. एकाच घटकाच्या औषधांसाठी हा नियम सप्टेंबर २०१८ पासून लागू आहे. चांगला नियम आहे. पण अक्षरं कितीही मोठी छापली तरी ती इंग्रजीत असतात, चकाकत्या चंदेरी कागदावर असतात, आणि सुटी गोळी कापून देताना कात्री कुठून जाईल याचा नेम नसतो. काका सातवी शिकलेले. मराठी पेपर रोज वाचतात, इंग्रजी येत नाही. मी कार्डावर देवनागरीत लिहिलं : इमॅटिनिब ४००. त्यांनी बोट ठेवून वाचलं, "इमॅ-टि-निब." मग हसले. "निब म्हणजे पेनाची निब का हो?"

मी म्हटलं, लक्षात ठेवायला अगदी बरोबर.

खरं तर त्या शेवटच्या तुकड्यातच सगळं आहे. औषधांची मूळ नावं जागतिक आरोग्य संघटना ठरवते. १९५० साली तसा ठराव झाला आणि १९५३ साली नावांची पहिली यादी निघाली. त्यांच्या पद्धतीत नावाचा एक भाग, बहुधा शेवट, औषधाचं कूळ सांगतो. '-टिनिब' ही टायरोसिन कायनेज नावाची प्रथिनं अडवणाऱ्या औषधांची खूण आहे. इमॅटिनिब, दासाटिनिब, निलोटिनिब, बोसुटिनिब, फुप्फुसाच्या कॅन्सरमधली गेफिटिनिब आणि ऑसिमर्टिनिब, ही सगळी एका कुळातली. '-मॅब' असेल तर प्रतिपिंड, म्हणजे सहसा सलाईनमधून किंवा इंजेक्शननं द्यायचं औषध. '-पॅरिब' वेगळं, '-सायक्लिब' वेगळं. आपल्याकडे आडनाव शेवटी येतं तसंच हे. आणि आडनावाचा धोकाही तोच : गावात चार पाटील असतात. म्हणून काकांना मी बजावलं की नुसतं 'टिनिब' बघून गोळी घ्यायची नाही, पुढचं 'इमॅ' बघायचं. दासाटिनिबही सीएमएलचीच गोळी आहे, पण तिचा नेहमीचा डोस १०० मिलिग्रॅम. तिथे ४०० चा हिशेब लावला तर अनर्थ.

पुढच्या अक्षरांना अर्थ असलाच पाहिजे असं नाही, पण कधी कधी असतो. दासाटिनिबमधले 'दास' म्हणजे ते औषध शोधणाऱ्या गटातले रसायनशास्त्रज्ञ जगबंधू दास. एका भारतीय माणसाचं आडनाव जगभरच्या चिठ्ठ्यांवर रोज लिहिलं जातं. हे मी रुग्णांना सांगते तेव्हा त्यांचा चेहरा खुलतो, म्हणून सांगतेच.

या नियमावलीतलं एक कलम मला फार आवडतं. औषधाच्या मूळ नावातून रुग्णाला आजाराची, शरीराच्या अवयवाची किंवा उपचाराची सूचना मिळेल असं नाव शक्यतो देऊ नये. म्हणजे पाकीट हातात घेतल्यावर आपला आजार त्याच्यावर वाचायची वेळ माणसावर येऊ नये, याचा विचार नाव ठेवणाऱ्यांनी करून ठेवलेला आहे. सूनबाईंना मी हे मुद्दाम सांगितलं. 'इमॅटिनिब' या शब्दात कुठेही कॅन्सर नाही. तो शब्द घरात मोठ्यानं म्हणता येतो, भिंतीवर लावता येतो, नातवाला वाचायला सांगता येतो.

स्पेलिंगसाठीही नियम आहेत : 'पीएच'च्या जागी 'एफ', 'वाय'च्या जागी 'आय', 'एच' आणि 'के' टाळायचे. वेगवेगळ्या भाषांत वाचताना नाव बदलू नये म्हणून. हा सगळा खटाटोप कशासाठी, ते आमच्या टेबलावरच्या त्या दोन पाकिटांनी मला पुन्हा एकदा दाखवलं.

ही गोळी नेमकं काय करते, तेही काकांनी विचारलं. आपल्या पेशींत गुणसूत्रांच्या २३ जोड्या असतात. सीएमएलमध्ये ९ आणि २२ क्रमांकाच्या गुणसूत्रांचे तुकडे तुटून एकमेकांना जोडले जातात. आखूड झालेलं २२ क्रमांकाचं गुणसूत्र पीटर नोवेल आणि डेव्हिड हंगरफोर्ड यांना १९६० साली फिलाडेल्फियात दिसलं, म्हणून ते फिलाडेल्फिया गुणसूत्र. ती अदलाबदल आहे हे १९७३ साली शिकागोत जॅनेट राउली यांनी दाखवलं. जोडलेल्या तुकड्यातून बीसीआर-एबीएल नावाचं प्रथिन तयार होतं. ते सतत चालू राहणारं टायरोसिन कायनेज आहे आणि पेशीला 'वाढ, वाढ' असा निरोप देत राहतं. इमॅटिनिब त्या प्रथिनाच्या खाचेत जाऊन बसते आणि निरोप थांबतो. मी काकांना म्हटलं, मोटार चालू राहून टाकी वाहते आहे, बटण अडकलंय, ही गोळी ते बटण बंद करून धरते. बोट काढलं की मोटार पुन्हा चालू. म्हणून रोज. आणि बटणावर दोन बोटं ठेवून मोटार जास्त बंद होत नाही, नुसती बोटं दुखतात. सूज, गोळे, उलट्या म्हणजे ते दुसरं बोट.

हे शेवटचं त्यांना लगेच पटलं. विहिरीवर मोटार त्यांचीही आहे.

प्रयोगशाळेत या औषधाला एसटीआय५७१ म्हणत. निरोप पोचवण्याची साखळी रोखणारं, असं त्या अक्षरांचं पूर्ण रूप. रुग्णांवरची पहिली चाचणी जून १९९८ मध्ये अमेरिकेत ब्रायन ड्रुकर यांच्या पुढाकारानं सुरू झाली. आधीच्या औषधाला दाद न देणाऱ्या ज्या ५४ रुग्णांना रोज ३०० मिलिग्रॅम किंवा त्याहून जास्त डोस मिळाला, त्यांतल्या ५३ जणांच्या रक्तपेशी पूर्ण ताळ्यावर आल्या. १० मे २००१ ला अमेरिकेत मान्यता मिळाली. तिथेही नावाची गोष्ट आहेच. ते बनवणाऱ्या नोव्हार्टिस कंपनीनं ब्रँडचं नाव 'ग्लिवेक' ठरवलं होतं. मधुमेहाच्या 'ग्लायसेट' या औषधाशी त्याची गल्लत होईल म्हणून अमेरिकेच्या औषध प्रशासनानं स्पेलिंग बदलायला लावलं. त्यामुळे अमेरिकेत 'ग्लीवेक' आणि बाकी जगात 'ग्लिवेक'. कॅलिफोर्नियातला मुलगा इथल्या आईसाठी पाकीट पाठवतो आणि आई फोन करून विचारते की अक्षरं वेगळी कशी, असंही आमच्या टेबलाशी झालं आहे. दोन्ही पाकिटांवर खाली मूळ नाव एकच.

ट्रॅस्टुझुमॅबच्या बाबतीत तर उलटं झालं, दोन औषधांना जवळजवळ एकच नाव मिळालं. ट्रॅस्टुझुमॅब हे स्तनाच्या कॅन्सरचं औषध. त्यालाच पेशी मारणारा विषारी रेणू जोडून ट्रॅस्टुझुमॅब एम्टान्सिन तयार झालं. त्याचा डोस वेगळा, ताकद वेगळी. एकाच्या जागी दुसरं जाऊ नये म्हणून अमेरिकेनं २०१३ साली नव्या औषधाच्या नावापुढे 'अॅडो' हा उपसर्ग लावायला लावला. तीन इंग्रजी अक्षरांसाठी एवढं का, हा प्रश्न मला कधी पडत नाही.

आता 'मेसायलेट'. दुसऱ्या भेटीत काकांचा मुलगा आला होता, पुण्यात नोकरी करणारा, बारकाईनं बघणारा. त्यानं दोन्ही पाकिटांचे मोबाइलवर फोटो काढले होते. म्हणाला, "मॅडम, तुमच्या पाकिटावर नुसतं इमॅटिनिब ४०० ठळक आहे. त्या दुसऱ्यावर इमॅटिनिब मेसायलेट लिहिलंय. मग एकच औषध कसं?"

प्रश्न रास्त होता. इमॅटिनिब हा मूळ रेणू. गोळीत तो मिथेनसल्फोनिक आम्लाबरोबर क्षाराच्या रूपात असतो, आणि त्या क्षाराचं आटोपशीर नाव मेसायलेट. ४०० मिलिग्रॅम इमॅटिनिब मिळण्यासाठी क्षार ४७८ मिलिग्रॅम घ्यावा लागतो. म्हणून बारीक अक्षरांत लिहिलेलं असतं, 'इमॅटिनिब मेसायलेट, ४०० मिलिग्रॅम इमॅटिनिबइतकं.' मी त्याला आमच्या पाकिटाच्या मागच्या बाजूची तीच ओळ दाखवली. ती तिथेही होती, फक्त बारीक.

मग त्याला सांगितलं की तुला पडलेला प्रश्न आपल्या सर्वोच्च न्यायालयातही गेला होता. नोव्हार्टिसनं १९९८ साली चेन्नईत इमॅटिनिब मेसायलेटच्या बीटा स्फटिकरूपासाठी, म्हणजे त्या क्षाराच्या एका विशिष्ट स्फटिक रचनेसाठी, पेटंटचा अर्ज केला. मूळ रेणूचं पेटंट अमेरिकेत त्याआधीच, १९९६ साली, संशोधक झिमरमन यांच्या नावानं मिळालेलं होतं. भारतात पेटंटला विरोध करणाऱ्यांत औषध कंपन्यांबरोबर मुंबईची कॅन्सर पेशंट्स एड असोसिएशन ही रुग्णांसाठी काम करणारी संस्था होती. २००६ साली अर्ज फेटाळला गेला. खटला वर वर जात १ एप्रिल २०१३ ला न्या. आफताब आलम आणि न्या. रंजना देसाई यांच्या खंडपीठाचा निकाल आला. इमॅटिनिब म्हटलं की त्यात इमॅटिनिब मेसायलेट आलंच का, की तो नवा पदार्थ, हा त्यातला एक कळीचा मुद्दा होता. न्यायालयानं म्हटलं, मेसायलेट हा झिमरमन पेटंटमधूनच माहीत झालेला पदार्थ आहे. बीटा स्फटिकरूपाबद्दल, आपल्या पेटंट कायद्याच्या कलम ३(ड) प्रमाणे, ज्ञात पदार्थाच्या नव्या रूपाला पेटंट हवं तर रोग बरा करण्याची त्याची ताकद वाढल्याचं दाखवावं लागतं. औषध शरीरात जास्त शोषलं जातं एवढं पुरेसं नाही. अपील फेटाळलं.

निकालाचा अर्थ काकांच्या पिशवीपर्यंत येतो. तेव्हा ग्लिवेकचा महिन्याचा खर्च सुमारे १,२०,००० रुपये सांगितला जात होता आणि इथल्या कंपन्यांच्या त्याच औषधाचा ८,००० ते १०,०००. कंपनीची मोफत औषध योजनाही होती आणि तिचा आधार भारतातल्या हजारो रुग्णांना मिळाला, हेही खरं. पण तालुक्याच्या मेडिकलमध्ये हे औषध पाच-पाच गोळ्यांत विकत घेता येतं, याची मुळं त्या खटल्यात आहेत. अनेक कंपन्या, म्हणून अनेक ब्रँड. मला हे शंभर वेळा हवं आहे. फक्त एवढं, की नावं जितकी जास्त, तितकं खालचं मूळ नाव रुग्णाच्या तोंडात बसलेलं असायला हवं. नाहीतर स्वस्त औषध मिळालं आणि डोस दुप्पट झाला, असं होतं. किंवा त्याच्या उलट : नवीन पाकीट 'ते नव्हे' म्हणून कपाटात पडून राहतं आणि गोळी बंद होते. दुसरा प्रकार मी जास्त बघितला आहे, आणि तो जास्त घातक. लंडनमध्ये ८७ रुग्णांच्या बाटल्यांना इलेक्ट्रॉनिक झाकणं बसवून केलेला एक अभ्यास २०१० साली छापून आला. त्यात ९० टक्क्यांपर्यंत किंवा त्याहून कमी गोळ्या घेणाऱ्यांना आजार खोलवर आटोक्यात येण्याची शक्यता २८ टक्के निघाली, आणि नियमित घेणाऱ्यांना ९४ टक्क्यांहून जास्त. महिन्यात तीन गोळ्या चुकल्या की आपण त्या ९० टक्क्यांवर येतो. दुसरीकडे, इमॅटिनिबवर सुरुवात केलेल्या रुग्णांच्या मोठ्या चाचणीत दहा वर्षांनी ८३ टक्के लोक हयात होते. एवढं मोठं अंतर रोजच्या एका गोळीवर उभं आहे.

मुलगा ऐकत होता. काका मध्येच म्हणाले, "कॅन्सरच आहे ना मला? या इमारतीच्या दारावर लिहिलंय की. मी रोज मराठी पेपर वाचतो."

सूनबाईंनी मान खाली घातली. काका त्यांच्याकडे बघून म्हणाले, "तुम्ही लपवत होता म्हणून मी पण विचारलं नाही." मग काही वेळ कुणीच बोललं नाही. मी चहा मागवला.

त्या दिवशी आम्ही काही गोष्टी ठरवल्या. फाईलच्या पहिल्या पानावर ब्रँडच्या नावावर रेघ मारून मूळ नाव इंग्रजीत आणि देवनागरीत लिहिलं. कार्डावर 'दिवसात एकूण ४००, जेवणानंतर, पेलाभर पाण्याबरोबर' एवढंच. नवीन कुणाही डॉक्टरकडे गेलं की गोळी चालू आहे हे कार्ड दाखवून सांगायचं आणि घरात अजून किती शिल्लक आहे तेही सांगायचं. मेडिकलमध्ये सुटी गोळी घेतली तर जिथे मूळ नाव छापलंय तो भाग आपल्याकडे येईल असं कापून मागायचं. मी इथल्या आमच्या सहकाऱ्यांशी बोलून प्रतीक्षागृहातल्या फळ्यावरही '-टिनिब' गोळ्यांची नावं देवनागरीत लिहिली. तिथे बसलेल्या दुसऱ्या एका रुग्णानं विचारलं, "मला पोटात गाठ आहे, रक्ताचा नाही. माझ्याही पाकिटावर इमॅटिनिब कसं?" कारण काही पोटाच्या गाठींत, ज्यांना जीआयएसटी म्हणतात, केआयटी नावाचं दुसरं कायनेज बिघडलेलं असतं आणि ही गोळी तेही अडवते. मूळ नाव औषधाचं असतं, आजाराचं नव्हे. त्याला हे सांगताना काका शेजारी बसून मान डोलवत होते, जणू तेच शिकवत आहेत.

रक्तातल्या बीसीआर-एबीएलच्या प्रमाणाचा रिपोर्ट आला ०.०३ टक्के, म्हणजे अगदी कमी. आजार पुढे गेलेला नव्हता. अस्थिमज्जेच्या तपासणीची गरज पडली नाही.

चार महिन्यांनी, दिवाळीच्या आधी, माझा फोन वाजला. काका तालुक्याच्या मेडिकलमधून बोलत होते. पावसामुळे इकडे येणं लांबलं होतं, घरातली गोळी आजच संपत होती, आणि दुकानात तिसऱ्याच कंपनीचं पाकीट मिळालं होतं. नातीला बरोबर आणलं होतं, सहावीतली. "ताई, तुमी फक्त ऐका," म्हणाले आणि फोन तिच्याकडे दिला. मागे दुकानातला गोंगाट, कुणीतरी खोकल्याचं औषध मागत होतं. पोरगी पाकिटावरचं एकेक अक्षर वाचू लागली : आय, एम, ए, टी, आय, एन, आय, बी. मग आकडा. मागून काकांचा आवाज आला, "निब आहे का शेवटी? आणि पुढं इमॅ?"

"आहे, आजोबा."

"मग दे म्हणावं. आणि कापू नको म्हणावं, अख्खं दे."